आधी विचारणा, मग कपात : निवृत्तिवेतनाच्या हक्काचा दीडशे वर्षांचा प्रवास

१/
सरकारी नोकर निवृत्त होतो त्या दिवशी त्याचा पगार थांबतो. त्याच्या सेवापुस्तकाची तपासणी मात्र थांबत नाही. वीस वर्षांपूर्वीची वेतननिश्चिती चुकली होती, असा शोध नेमका त्याच सुमारास लागतो आणि उपदानाच्या, म्हणजे ग्रॅच्युइटीच्या, रकमेतून मोठा आकडा परस्पर वळता होतो. अशी कपात करण्याचा अधिकार सरकारला आहे काय? असल्यास तो कोणत्या क्रमाने वापरावा? हा धागा त्या प्रश्नाच्या इतिहासाचा.

२/
इतिहासाच्या मराठी वाचकाला पेन्शन हा शब्द भेटतो तो बिठूरच्या संदर्भात. १८१८ साली शरण आलेल्या दुसऱ्या बाजीरावास कंपनी सरकारने सालिना ८ लाख रुपये लावून दिले. जानेवारी १८५१ मध्ये तो वारला आणि ती रक्कम दत्तकपुत्र नानासाहेबास चालू ठेवण्यास डलहौसीने नकार दिला. नानासाहेबाने अर्ज केले, अजीमुल्ला खानास लंडनला धाडले. उपयोग झाला नाही. ज्याने पैसे बंद केले, त्याच्याच दारात दाद मागायची, अशी ती व्यवस्था होती.

३/
ते राजकीय पेन्शन होते. कारकुनाचे, शिक्षकाचे वा फौजदाराचे निवृत्तिवेतन ही निराळी गोष्ट. परंतु १८७१ च्या पेन्शन कायद्याने दोन्ही एकाच गाठोड्यात बांधली. त्याच्या कलम ४ ने पेन्शनविषयक दाव्यांना दिवाणी न्यायालयाचा दरवाजा बंद केला. कलेक्टर किंवा नेमून दिलेल्या अधिकाऱ्याने दाखला दिला, तरच तो उघडे. याच कायद्याच्या कलम ११ ने मात्र सरकारी पेन्शनला जप्तीपासून संरक्षण दिले. सावकाराला त्या पैशाला हात लावता येत नव्हता. सरकारच्या हाताला मात्र अडवणारे कोणी नव्हते.

४/
इंग्रजी अमदानीतील ‘सिव्हिल सर्व्हिस रेग्युलेशन्स’मध्ये या धोरणाची दोन सूत्रे सापडतात. पहिले असे की, निवृत्तीनंतरही सद्वर्तन राखणे ही प्रत्येक पेन्शनची गृहीत अट आहे. दुसरे अधिक बोलके : पूर्ण पेन्शन आपोआप मिळत नाही, सेवा खरोखर पसंतीस उतरली असेल, तरच ती द्यावी, आणि सेवा समाधानकारक नसेल, तर मंजुरी देणाऱ्या अधिकाऱ्याने त्यास योग्य वाटेल तेवढी घट करावी.

५/
या दुसऱ्या सूत्रात घट करणारा आहे, घटीचे कारण आहे, घटीचे प्रमाणही आहे. ज्याची पेन्शन घटणार, तो माणूस मात्र त्यात कोठेच नाही. त्याला विचारावे, त्याच्याविरुद्धचे शेरे त्याला दाखवावेत, त्याचे म्हणणे टिपून घ्यावे, असे एकही वाक्य त्यात नव्हते. पेन्शन ही बक्षिसी मानली की असेच होणार. बक्षिसी कमी दिली म्हणून कोणी खुलासा मागत नाही.

६/
१९५० साली राज्यघटना आली. अनुच्छेद ३११ ने नागरी सेवकाला संरक्षण दिले : आरोप सांगितल्याशिवाय आणि बचावाची वाजवी संधी दिल्याशिवाय त्याला बडतर्फ करता येणार नाही, सेवेतून दूर करता येणार नाही, पदावनत करता येणार नाही. परंतु निवृत्तीनंतर पेन्शन कापणे हे या तिन्हींपैकी काहीच नव्हे. सेवेत असताना ज्याच्या केसालाही विनानोटीस धक्का लागत नसे, त्याच्या म्हातारपणीच्या भाकरीचा चतकोर मात्र एका टिपणीने कमी होऊ शकत होता. ही फट बुजवायला पुढे दोन दशके लागली.

७/
फट बुजवणाऱ्या विचाराला बळ मिळाले ते इंग्लंडमधील एका खटल्यातून. ब्रायटन शहराचे पोलीसप्रमुख चार्ल्स रिज यांना १९५८ साली नगराच्या ‘वॉच कमिटी’ने बडतर्फ केले. फौजदारी आरोपातून ते सुटले होते. तरीही समितीने त्यांना न बोलावता निर्णय घेतला. रिज यांना खुर्ची परत नको होती. त्यांची लढाई ३३ वर्षांच्या नोकरीने मिळवलेल्या पेन्शनसाठी होती. मार्च १९६३ मध्ये हाउस ऑफ लॉर्ड्सने तो निर्णय रद्दबातल ठरवला : ऐकून न घेता केलेली कारवाई कायद्यात उभीच राहत नाही.

८/
भारतात हाच विचार १९६७ साली ओरिसातून आलेल्या डॉ. बिनापाणी देई यांच्या प्रकरणात पक्का झाला. त्या सरकारी सेवेतील डॉक्टर. त्यांचे नोंदलेले जन्मवर्ष १९१०. सरकारने चौकशी करून ते १९०७ ठरवले, चौकशीचा अहवाल त्यांना दाखवला नाही आणि त्यांना निवृत्त केले. सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, निर्णय प्रशासकीय असला, तरी त्याचे परिणाम माणसाच्या हक्कांवर होत असतील, तर नैसर्गिक न्याय पाळलाच पाहिजे. ‘हा तर केवळ कार्यालयीन आदेश’ ही सबब तेथे संपली.

९/
पुढचे पाऊल पडले मे १९७१ मध्ये. बिहारच्या शिक्षण खात्यातील देवकीनंदन प्रसाद यांना, पाच वर्षे सलग गैरहजर राहिल्याने तुमची नोकरी आपोआप संपली, असे सांगून पेन्शन नाकारण्यात आली होती. पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने दोन गोष्टी सांगितल्या. संधी न देता नोकरी ‘आपोआप’ संपवणे अनुच्छेद ३११ ला धरून नाही. आणि पेन्शन ही सरकारच्या मर्जीवरील देणगी नसून ती मालमत्ता आहे. तिचा हक्क मंजुरीच्या आदेशातून जन्मत नाही, नियमांतून जन्मतो. आदेश हा केवळ आकडेमोडीपुरता. १८७१ चा कायदा रिट याचिकेच्या आड येत नाही, हेही याच निकालाने स्पष्ट केले.

१०/
या निकालाने पेन्शनची जातच बदलली. तोवर ‘पूर्ण पेन्शन का द्यावी?’ हे निवृत्ताने पटवून द्यायचे होते. आता ‘पूर्ण पेन्शन का देऊ नये?’ हे सरकारने सांगायचे होते. बोलण्याची पहिली पाळी कोणाची, एवढाच हा बदल. पण या प्रश्नात सारे काही त्या पाळीवरच अवलंबून आहे.

११/
त्याची कसोटी लागली १९७२ साली, पंजाब राज्य विरुद्ध के. आर. एरी या प्रकरणात. दोन निवृत्त अधिकाऱ्यांची सेवा समाधानकारक नव्हती, म्हणून त्यांची पेन्शन आणि उपदान कमी करण्यात आले होते. आधार होता पंजाबच्या नियमांतील एका तरतुदीचा, आणि ती तरतूद म्हणजे वर सांगितलेले इंग्रजी अमदानीतील दुसरे सूत्र, जवळजवळ शब्दशः. कपातीपूर्वी त्या दोघांना नोटीस नव्हती. सरकारचे म्हणणे असे की, नोटीस द्या असे नियमात लिहिलेलेच नाही.

१२/
सर्वोच्च न्यायालयाने सरकारचे अपील फेटाळले. नियम जेथे मुका असतो, तेथे नैसर्गिक न्याय बोलतो, हे या निकालाचे सार. पेन्शन हा हक्क असेल, तर तो कमी करणारा आदेश त्या माणसाला प्रतिकूल ठरतो. आणि प्रतिकूल आदेशापूर्वी वाजवी संधी द्यावीच लागते. न्यायालयाने कपातीचा अधिकार काढून घेतला नाही, हे ध्यानात घ्यावे. त्याने क्रम लावून दिला : आधी विचारणा, मग उत्तर, मग विचार, मग आदेश.

१३/
देवकीनंदन प्रकरणाच्या वेळी मालमत्तेचा हक्क मूलभूत हक्कांत होता. १९७८ च्या ४४ व्या घटनादुरुस्तीने तो तेथून काढला. मग पेन्शनचे कवच गळून पडले काय? नाही. त्याच दुरुस्तीने अनुच्छेद ३००-अ आणला : कायद्याच्या अधिकाराखेरीज कोणाचीही मालमत्ता हिरावून घेता येणार नाही. मूलभूत हक्काची ढाल गेली. पण ‘कोणत्या कायद्याने कापता?’ हा प्रश्न विचारण्याचा घटनात्मक अधिकार उरला, आणि पुढे तोच कामी आला.

१४/
१७ डिसेंबर १९८२ रोजी डी. एस. नकारा प्रकरणाचा निकाल लागला. तो दिवस देशभर पेन्शनर दिन म्हणून पाळला जातो. घटनापीठाचे प्रमुख सरन्यायाधीश यशवंत विष्णू चंद्रचूड; निकालपत्र न्या. डी. ए. देसाई यांचे. मूळ वाद होता ठरावीक तारखेआधी निवृत्त झालेल्यांना सुधारित पेन्शनसूत्रातून वगळण्याचा. परंतु निकालात पेन्शनच्या स्वरूपाची जी मीमांसा झाली, तिने तिला केलेल्या सेवेचा मोबदला आणि वार्धक्यातील सामाजिक सुरक्षा म्हणून स्थान दिले. मेहरबानीची भाषा कायद्यातून हद्दपार झाली.

१५/
त्याच वर्षी, १५ ऑगस्ट १९८२ पासून, महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम अमलात आले. त्यातील नियम २७ सरकारला पेन्शन रोखण्याचा वा काढून घेण्याचा अधिकार देतो. पण कुंपण घालून. विभागीय किंवा न्यायालयीन कार्यवाहीत सेवाकाळातील गंभीर गैरवर्तन वा निष्काळजीपणा सिद्ध झालेला असावा. निवृत्तीनंतर चौकशी सुरू करायची असेल, तर घटना चार वर्षांहून जुनी नसावी. ‘सेवा पसंतीस उतरली नाही’ या मोघम शेऱ्यापासून ‘गैरवर्तन सिद्ध झाले’ या निष्कर्षापर्यंतचा प्रवास येथे दिसतो.

१६/
जादा दिलेल्या रकमेच्या वसुलीसाठी याच नियमांत १३४-अ आहे. सेवाकाळात जास्त पैसे दिले गेल्याचे निवृत्तीनंतर आढळले, तर ते पेन्शनमधून वसूल करता येतात. परंतु त्याला दोन परंतुके जोडलेली आहेत. एक, वसुली का करू नये याचे कारण दाखवण्याची वाजवी संधी निवृत्ताला दिली पाहिजे. दोन, हप्ते असे पाडता येतात की, हाती पडणारी पेन्शन शासनाने ठरवलेल्या किमान रकमेच्या खाली जाऊ नये. एरी निकालात न्यायालयाला नियमाच्या मौनातून जे काढावे लागले, ते येथे लेखी आहे. तरीही विनानोटीस वसुली झाली, तर तो थेट नियमभंग ठरतो.

१७/
चौकशी झाली म्हणजे कोणतीही कपात चालते, असेही नाही. डी. व्ही. कपूर लंडनच्या भारतीय उच्चायुक्तालयात नोकरीस होते. दिल्लीला बदली झाल्यावर पत्नीच्या आजारपणामुळे ते रुजू झाले नाहीत. गैरहजेरी हेतुपुरस्सर नव्हती, असे चौकशी अधिकाऱ्याचेच मत पडले. तरी त्यांची संपूर्ण पेन्शन आणि उपदान कायमचे रोखले गेले. १९९० साली सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला. गंभीर गैरवर्तनाचा निष्कर्ष नोंदलेला नसेल, तर पेन्शनला हात लावण्याचा अधिकारच उत्पन्न होत नाही.

१८/
कपातीचा एक प्रकार आदेशाशिवायही घडतो, तो म्हणजे विलंब. केरळचे एम. पद्मनाभन नायर मे १९७३ मध्ये निवृत्त झाले. अंतिम वेतन प्रमाणपत्र वेळेत न मिळाल्याने त्यांचे पैसे दोन वर्षांहून अधिक काळ अडकले. डिसेंबर १९८४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, प्रशासनाच्या दोषामुळे झालेल्या अशा उशिराबद्दल व्याज द्यावे लागेल. ना-देय प्रमाणपत्राच्या फायली ज्यांच्या टेबलावर पडून असतात, त्यांनी हा निकाल अवश्य वाचावा.

१९/
चौकशी चालू आहे एवढ्यावरून पैसे अडवता येतात काय? येथे अनुच्छेद ३००-अ पुन्हा पुढे येतो. ऑगस्ट २०१३ मध्ये झारखंड राज्य विरुद्ध जितेंद्र कुमार श्रीवास्तव प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, पेन्शन ही मालमत्ता आहे आणि ती अडवण्यासाठी वैधानिक नियम लागतो. खात्याचे परिपत्रक पुरत नाही. महाराष्ट्रात तसा नियम आहे : कार्यवाही प्रलंबित असताना नियम १३० नुसार तात्पुरते निवृत्तिवेतन द्यायचे आणि उपदान निकालापर्यंत राखायचे. कोणत्या राज्यात कोणता नियम लागू, हे पाहूनच पुढे बोलावे लागते.

२०/
आता आजचा सर्वांत मोठा वाद : कर्मचाऱ्याचा काहीच दोष नसताना खात्याच्या चुकीने जादा पगार गेला, तर? १९९४ साली साहिब राम या हरियाणातील ग्रंथपालाच्या प्रकरणात न्यायालयाने वसुली रोखली. चूक त्याची नव्हती, प्राचार्यांची होती. २०१२ साली चंडीप्रसाद उनियाल प्रकरणात मात्र उलट सूर उमटला : हा करदात्यांचा पैसा आहे, चुकून गेला, तरी परत यायला हवा. दोन्ही बाजूंना वजन आहे. तिजोरी कोणा एकाची नसते. आणि घरखर्चात कधीच विरून गेलेला पगार म्हाताऱ्याने कोठून आणावा, हाही प्रश्न खराच आहे.

२१/
१८ डिसेंबर २०१४ रोजी पंजाब राज्य विरुद्ध रफीक मसीह या प्रकरणात मध्यम मार्ग आखला गेला. खटल्याच्या नावापुढे कंसात ‘व्हाइट वॉशर’ असे लिहिलेले आहे. भिंतींना सफेदी देणाऱ्या माणसाच्या नावाने हा नियम ओळखला जातो. वसुली कोठे करता येणार नाही, याची पाच उदाहरणे त्यात आहेत : वर्ग ३ व ४ चे कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा वर्षभरात निवृत्त होणारे, आदेशापूर्वी पाच वर्षांहून अधिक काळ जादा रक्कम दिली गेली असेल ते, चुकीने वरच्या पदाचे काम करायला लावून त्याचा पगार दिलेले, आणि वसुली कठोर वा अन्यायकारक ठरेल असे इतर.

२२/
या नियमालाही मर्यादा आहे. जुलै २०१६ मध्ये जगदेव सिंग या न्यायिक अधिकाऱ्याच्या प्रकरणात न्यायालयाने वसुलीला मान्यता दिली. सुधारित वेतनश्रेणी स्वीकारताना, जादा रक्कम निघाल्यास परत करीन, असे हमीपत्र त्यांनी दिले होते. तरीही ती रक्कम दोन वर्षांत, वाजवी हप्त्यांनी घ्यावी, असे सांगण्यात आले. वेतन आयोगाच्या वेळी घाईत सही केलेला तो एक कागद निवृत्तीनंतर किती जड होतो, हे यावरून समजावे.

२३/
उपदान जप्त करण्याचा मार्गही आहे. १९७२ च्या उपदान प्रदान कायद्याखाली येणाऱ्या आस्थापनांत कलम ४(६) नुसार काही कारणांसाठी बडतर्फ झालेल्याचे उपदान पूर्णतः किंवा अंशतः जप्त करता येत असे. फेब्रुवारी २०२५ मध्ये वेस्टर्न कोलफील्ड्सच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, नैतिक अधःपतनाच्या कारणासाठी फौजदारी शिक्षा झालेलीच असावी असे नाही. परंतु त्याच निकालात एसटीच्या वाहकांचे प्रश्नही होते, आणि अपहाराची रक्कम लहान असल्याने जप्ती २५ टक्क्यांपुरती मर्यादित ठेवली गेली. ‘पूर्णतः किंवा अंशतः’ म्हटले की, किती आणि का, हे सांगावेच लागते.

२४/
यावरून न्याय्य नोटीस कशी असावी, हे ओळखता येते. कोणती रक्कम, कोणत्या कालावधीची, कोणत्या नियमाखाली, मूळ चूक काय आणि ती कोणी केली, आकडेमोडीचा तक्ता, आधाराच्या कागदांच्या प्रती, उत्तरासाठी पुरेसा अवधी. त्यानंतर उत्तर वाचून दिलेला कारणासहित आदेश. मागणीचे एकओळी पत्र ही नोटीस नव्हे. आणि पैसे कापून झाल्यावर मागवलेला खुलासा ही संधी नव्हे.

२५/
क्रमाला एवढे महत्त्व का? सेवेत असलेल्या माणसाचा पगार चुकून कापला, तर पुढच्या महिन्यात तो सुधारता येतो. त्याचा टेबलाशी संबंध असतो, साहेबाशी बोलणे होते. निवृत्ताला पुढचा पगार नाही, जुन्या फायली त्याच्या हाती नाहीत. केरळचे शिक्षक थॉमस डॅनियल १९९९ साली निवृत्त झाले. त्यांच्याकडून वसुली करता येणार नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने मे २०२२ मध्ये ठरवले. मधली २३ वर्षे कोणत्याही व्याजाने भरून निघत नाहीत.

२६/
आणि या क्रमाने तिजोरीचेही भलेच होते. आधी विचारले, तर कित्येकदा चूक नोटिशीतच सापडते : चुकीचे वर्ष, दुसऱ्याच कर्मचाऱ्याची नोंद, आधीच वसूल झालेली रक्कम. खरे देणे असेल, तर ते हप्त्यांनी शांतपणे वसूल होते. न विचारता कापलेली रक्कम मात्र वर्षानुवर्षे कोर्टात फिरते आणि व्याजासह परत द्यावी लागते. १८७१ साली सरकारने न्यायालयाचा दरवाजा लावला होता. त्यानंतरच्या शंभर वर्षांत तो किलकिला झाला, तो एका साध्या अपेक्षेने : ज्याच्या ताटातून काढायचे, त्याला आधी विचारावे.

(धागा समाप्त. आपल्या घरात किंवा शेजारी कोणी निवृत्त असेल, तर त्यांना हा वाचून दाखवावा. आणि कोणी लेखा शाखेत असेल, तर त्यांनाही.)